बाकावर बसलेली भिंगरी

अगं भिंगरे,

हे बसून वाच. उभ्याउभ्या, दातांत टाचण्या धरून, एका हाताने टेप ओढत वाचणार असशील तर आत्ताच घडी घालून ठेवून दे. फोनवर तुला काही सांगायला जावं तर तिसऱ्या वाक्याला तू "बरं वन्सं, ठेवते हं" म्हणतेस, आणि माझं चौथं वाक्य माझ्याच कानात वाजत राहतं. म्हणून लिहायला बसले. हल्ली तुझ्या दुकानाबद्दल लोक काय वाटेल ते बोलतात. कोणी म्हणतं नशीब काढलं, कोणी म्हणतं नवऱ्याचा पैसा. नवऱ्याचा पैसा! माझा भाऊ आहे तो, मला सांगू नका. तेव्हा झालं ते झालं तसं लिहून टाकते. काही मी पाहिलं, काही तू सांगितलंस, उरलेलं तुझ्या पायांवरून कळलं. "तू, तू" करत लिहिलं तर तू ओळीओळीला "तसं नव्हतं हो ते" करशील, म्हणून इथून पुढे तू "ती". यात एक नणंदही येईल. तिचेही मी लाड करणार नाही.

तर ही भिंगरी. नाव सासऱ्यांनी ठेवलेलं. सून घरात आली आणि म्हाताऱ्याची मान दुखायला लागली, कारण तिच्याशी बोलायचं म्हणजे मान सारखी इकडून तिकडे फिरवायची. "ही पोरगी बसते तरी कधी?" त्यांनी विचारलं. बसायची ती फक्त शिवणयंत्रावर, आणि तिथेही पाय चालूच. जेवायची ओट्याला टेकून. पाहुण्यांपुढे चहा ठेवला की ते कप उचलायच्या आत हिचा हात बशीकडे जायचा.

नवरा नेमका उलट. तो फ्रिज दुरुस्त करायचा आणि स्वभावानेही फ्रिजच होता. घरात सगळे त्याला थंडोबा म्हणायचे. एक वाक्य बोलून झालं की दुसऱ्यासाठी त्याला विश्रांती लागायची.

घराची पुढची खोली म्हणजे या दोघांचं रणांगण. अर्ध्या खोलीत त्याचे बंद पडलेले फ्रिज उभे, काही दारांसकट, काही बिनदारांचे. उरलेल्या अर्ध्यात तिचं यंत्र आणि जुन्या दरवाजाची फळी टाकून केलेलं कापायचं टेबल. ती पडदे शिवायची. सामान ठेवायला जागा नाही म्हणून तिने फ्रिजच वापरायला घेतले. अंड्यांच्या खाचांत दोऱ्याची रिळं, भाजीच्या कप्प्यात अस्तर, बर्फाच्या खणात कड्या. एखादा फ्रिज दुरुस्त होऊन त्याचा मालक न्यायला आला की हिची धावपळ. एका बाईंच्या फ्रिजबरोबर तिची चांगली कात्री गेली, ती महिनाभर थंडगार होऊन परत आली.

हे असंच चाललं असतं. पण थंडोबा ज्या शेडमध्ये काम करायचा ती शेड तिचा मालक विकायला निघाला होता. एका संध्याकाळी तो म्हणाला, "खोली मला लागेल." मग विश्रांती घेतली. मग म्हणाला, "तुझं नीट चालायला लागलं, तर मी दुसरी शेड भाड्याने घेईन. नाही चाललं, तर परवडणार नाही."

यात तो काही चुकीचं बोलला नव्हता, आणि तिची पंचाईत नेमकी तीच होती. भांडायला जागाच ठेवली नव्हती मेल्याने. शेड सोडायच्या आत धंदा उभा राहिला पाहिजे, नाहीतर तिचं यंत्र स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात आणि तिची कात्री भाजी चिरायला.

आणि धंदा उभा राहत नव्हता. कारण कोपऱ्यावरचा पडदेवाला. ज्या भावाला हिला नुसतं कापड पडायचं, त्या भावाला तो शिवलेला पडदा विकायचा, वर कड्या फुकट. "चोरीचं आणतो," ती म्हणायची. "एवढं स्वस्त माणूस आणतो कुठून?"

अशात डॉक्टरीणबाईंचं काम चालून आलं. त्यांचा नवा दवाखाना, रंगाचा वास अजून गेलेला नाही, सगळ्या खोल्यांच्या खिडक्या उघड्याबोडक्या. भिंगरी टेप घेऊन खोल्याखोल्यांतून अशी फिरली की रंगाऱ्यांना वाटलं तपासणी आली. डॉक्टरीणबाईंनी भाव विचारला. तिने श्वासही न घेता सांगून टाकलं, "कोपऱ्यावरच्याचा जो असेल, तोच माझा. आणि शिलाई माझी जास्त टिकेल."

"ठरलं," बाई म्हणाल्या.

जिना उतरताना अर्ध्यात तिला दरदरून घाम फुटला. त्या भावात तिचं नुसतं कापड येणार होतं. शिलाई फुकट, दोरा पदरचा. आणि नाही म्हणावं तर गावभर बोभाटा, की ही बोलते एक आणि करते एक.

ती तडक नणंदेकडे गेली. नणंद विमा कचेरीतून निवृत्त झालेली, मागच्याच गल्लीत एकटी राहणारी. भिंगरी दारातूनच सुरू झाली. बोलता बोलता तिने खुर्च्या नीट लावल्या, नळ घट्ट केला, आणि कहाणी संपेपर्यंत खिडकीचं माप घेऊन तिथल्या चौकटीवर खडूने लिहूनही टाकलं.

"माझ्या खिडकीचं काय मधेच?"

"बोडकी आहे, वन्सं. दुपारचं ऊन थेट तुमच्या डोळ्यांवर येतं. बघवत नाही मला. पण ते राहू दे, मी काय करू ते सांगा!"

"आधी हे सांग, तू कापड कुठून घेतेस?"

"त्या मोठ्या गोदामातून. कोपऱ्यावरचाही तिथूनच घेतो, मी त्याची गाडी पाहिलीये."

"तिथे तू कशी विचारतेस?"

"कशी म्हणजे? भाव विचारते, निम्म्याने मागते, जायला निघते, परत येते. सगळं करते. गेल्या वेळी तर दारापर्यंत जाऊन आले. एकाने हाक मारली नाही हो!"

"आणि तो कोपऱ्यावरचा?"

भिंगरी थबकली. हे तिने कधी पाहिलं नव्हतं असं नाही. पाहिलं होतं, पण त्याचा अर्थ लावला नव्हता.

"तो बसतो," ती म्हणाली.

ते गोदाम असं होतं: लांबलचक हॉल, छतापर्यंत कापडाचे ताके, म्हणजे कारखान्यातून आलेले अख्खे गुंडाळे. पुढे काउंटर, तिथे कात्री घेऊन उभा एक माणूस, हवं तेवढं कापून देणारा. मागे काचेची खोली, तिच्यात मालक. आणि भिंतीला लागून एक लाकडी बाक. त्या बाकावर नेहमी दोनचार माणसं बसलेली असायची. एक पेपर वाचतोय, एक डुलक्या काढतोय, एक नुसताच दात कोरतोय. भिंगरीला वाटायचं, कोणाची तरी वाट बघणारी रिकामटेकडी असतील. मग मालक काचेवर टकटक करायचा, पेपरवाला आत जायचा, आणि थोड्या वेळाने त्याच्या गाडीत अख्खे ताके चढायचे.

"ते धंदेवाले," नणंद म्हणाली. "छापील भाव काउंटरचा. त्यावर सूट मिळते ती आतल्या खोलीत, अख्खा ताका उचलणाऱ्याला, आणि पैसे जागेवर मोजले तर आणखी थोडी. घासाघीस करणारा आज आला, उद्या येणार नाही. बसणारा परत परत येणार, हे मालकाला माहीत असतं. त्याला कमी केलं तरी त्याचं वर्षभरात भरून निघतं. तू गिऱ्हाईकासारखी ओरडतेस, तुला गिऱ्हाईकाचा भाव मिळतो. साधं आहे."

"साधं?" भिंगरी म्हणाली. "म्हणजे मी तिथे जाऊन बसायचं?"

"बसायचं. गप्प."

"तुम्ही माझ्याबरोबर चला, वन्सं. मला धरून ठेवायला कोणीतरी हवं."

दोघी गेल्या. बाकावरच्या पेपरवाल्याने जागा करून दिली, वर बघितलंही नाही. भिंगरी बसली. तिचा उजवा पाय हलायला लागला. नणंदेने गुडघ्यावर हात ठेवला. मग डावा.

"अगं, बाक हलतोय. त्या डुलकीवाल्याची झोप मोडेल."

"वन्सं, तो बघा ना, कसा वाकडा कापतोय. मी जाऊन—"

"बस खाली."

"नुसतं सांगते त्याला."

"भिंगरे, उठलीस तर मी घरी निघून जाईन."

मग तिने बसल्याबसल्या नणंदेच्या पिशवीचा निघालेला शिवणीचा दोरा ओढायला घेतला. बराच ओढला. पिशवीचा तळ सुटायच्या बेतात आला. "राहू दे, नवीन शिवून देते," ती म्हणाली. "आणि ऐका, सूट मिळाली ना, तर पहिला पडदा तुमच्या खिडकीचा. तुम्हीच यायचं इथे माझ्याबरोबर, ताके उघडून बघायचे, हात लावून निवडायचं. आतल्या भावाने!"

"हळू बोल."

काचेवर टकटक झाली.

आत मालकाने तिला चष्म्यावरून बघितलं. पाटी आहे का दुकानाला? आहे, ती म्हणाली, आणि मनात ठरवलं की आज रात्रीच रंगवून घ्यायची. करनोंदणीचं पत्र? ते होतं, नणंदेच्या पिशवीच्या उरलेल्या तळात. कोणाची ओळख? "माझीच," ती म्हणाली. मालकाला जरा हसू आलं. दवाखान्याचं काम, अख्खे ताके, पैसे जागेवर, हे सगळं तिने नणंदेने पढवलं होतं तसं थोडक्यात सांगितलं, आणि मग एवढं थोडक्यात सांगितल्यामुळे तिचे कान लाल झाले. मालकाने सूट सांगितली. ती एवढी होती की तिला वाटलं, याच्या हिशेबात काहीतरी चुकलंय.

"पण एक," मालक म्हणाला. "आतलं आत. काउंटरवर उभे असतात त्यांच्यासमोर हा भाव निघता कामा नये. माझं दुकान त्यांच्यावर चालतं, तुमच्यावर नाही."

"छे हो, मी कशाला!" भिंगरी म्हणाली, आणि तिला मनापासून तसंच वाटत होतं.

ती बाहेर आली. काउंटरवर एक पोटुशी बाई आणि तिचा नवरा उभे होते. येणाऱ्या बाळाच्या खोलीसाठी त्यांनी पिवळं कापड पसंत केलं होतं, आणि आता दोघं कुजबुजत होते. "खालपर्यंत कशाला, अर्धाच पडदा करू," नवरा म्हणत होता. "अर्ध्याने ऊन येईल," ती म्हणत होती. "मग आपण पाळणा सरकवू."

नणंदेने भिंगरीचा दंड पकडला, पण तोवर व्हायचं ते होऊन गेलं होतं.

"अर्धा पडदा कसला करताय? अहो, छापील भावावर काय जाता, आत विचारा! केवढं उतरतं ते बघा तरी!"

कात्री थांबली. डुलकीवाला जागा झाला. पेपरवाल्याने पहिल्यांदाच पेपर खाली घेतला. मालक काचेच्या दारात उभा होता. तो ओरडला नाही, ओरडला असता तर बरं झालं असतं. त्याने एवढंच विचारलं, "ताई, तुमचा माल अजून गाडीत चढला नाही ना? मग राहू द्या."

घरी येईपर्यंत दोघींची चांगलीच जुंपली.

"तुझ्या जिभेला हाड आहे की नाही?"

"आणि तुम्हाला काळीज? बाळ उन्हात झोपेल म्हणून—"

"तुझं यंत्र स्वयंपाकघरात जाईल त्याचं काय? डॉक्टरीणबाईंना काय सांगणार? त्या पिवळ्या कापडाची गोष्ट?"

"मला नाही बघवत!"

"तुला काहीच बघवत नाही. पण धंद्यात बघावं लागतं."

थंडोबा पुढच्या खोलीत एका फ्रिजच्या मागे खाली बसला होता. सगळं ऐकून झाल्यावर तो फ्रिजच्या मागूनच बोलला. "मी सुटे भाग आणतो तिथे सूट मिळते मला."

"कशी?" भिंगरी ओरडली.

"जातो. बसतो. ते विचारतात, मी सांगतो." विश्रांती. "बाकी तिथे काय चाललंय ते माझं काम नाही."

ते ऐकून भिंगरीने टेबलावरचा खडू उचलला, परत ठेवला, पुन्हा उचलला. त्या आठवड्यात तिने घरातली प्रत्येक शिवण उसवून परत घातली. उशांचे अभ्रे, थंडोबाचा डगला, पिशवीचा तळ. नणंद म्हणाली, मी येते पुन्हा. ती म्हणाली, नको. "तुम्ही असलात की मला वाटतं कोणीतरी धरलंय, म्हणून मी सुटते."

ती एकटी गेली. गोदाम उघडायच्या आधीच दारात उभी. आत शिरली, बाकावर बसली, आणि दोन्ही तळहात मांड्यांखाली दाबून ठेवले. मालक आला, त्याने तिच्याकडे पाहिलं आणि काचेआड गेला. पेपरवाला आला, आत गेला, त्याचे ताके चढले. डुलकीवाला आला, झोपला, उठला, तोही आत जाऊन आला. तिच्यासाठी कोणी टकटक केली नाही. बोटं बधिर झाली. टाचा फरशीवर उठायला लागल्या की ती चपलेत बोटं आखडून घ्यायची. कात्रीवाला वाकडं कापत होता, एक गुंडाळा उलटा लावला होता, वरच्या फळीवरचं एक टोक लोंबत होतं, आणि ती बसली होती. चहा आला, तिला सोडून सगळ्यांना. तीही खूण तिला कळली.

दुपार कलल्यावर एक म्हातारा गृहस्थ आला. हातात सुतळी, सुतळीला गाठी. खिडकीचं माप तो तसंच घेऊन आला होता. निळं कापड त्याने दोनदा हातावर घेऊन पाहिलं. भाव विचारला. पुन्हा विचारला. मग इकडेतिकडे बघून बाकाकडे वळला. बाकावर तेव्हा ती एकटीच होती.

"बाई, तुम्हाला यातलं कळत असावं. हा भाव बरोबर आहे का हो?"

काचेमागे मालकाचं लिहिणं थांबलं. भिंगरीला ते दिसलं. जिभेच्या टोकाशी आलेलं तिने दातांनी अडवलं. पुढची खोली डोळ्यांसमोर आली, अंड्यांच्या खाचांतली रिळं आली, दवाखान्याच्या उघड्याबोडक्या खिडक्या आल्या.

"मला नाही हो माहीत, आजोबा," ती म्हणाली. "मी आपली बसलेय नुसती."

"बरं," आजोबा म्हणाले. त्यांनी सुतळीची एक गाठ सोडवली. "मग एकाच खिडकीचं द्या."

कात्री कापडातून गेली. आजोबांनी पुडकं काखेत धरलं, तिला नमस्कारासारखी मान हलवली आणि गेले.

काचेवर टकटक झाली.

सूट तीच मिळाली, मागच्या वेळी सांगितलेली. या वेळी चहाही आला. ताके चढले, हमालाने तिला "संभाळून हं, पडदेवाल्या ताई" म्हटलं, आणि तिने मान डोलावली. गाडीत माल पुढे पाठवून ती बसमध्ये चढली. बसला जागा होती, पण तिला बसवेना. एक थांबा उभी राहिली, दुसऱ्याला उतरली, आणि उरलेली सगळी वाट चालत आली, इतकी भराभर की माल तिच्या नंतर पोचला.

दवाखान्याचे पडदे वेळेवर लागले. शिलाई अजून टिकून आहे. डॉक्टरीणबाईंनी आणखी दोन ठिकाणी नाव सुचवलं. थंडोबाने दुसरी शेड घेतली, फ्रिज एकेक करून गेले. शेवटचा गेला तेव्हा तिने त्याच्या दारातली रिळं काढताना नणंदेला म्हटलं, "बघा, झाली की नाही खोली माझी!" आणि मग खोलीच्या मधोमध उभी राहून म्हणाली, "केवढी मोठी वाटते हो. काय काय ठेवू हिच्यात?"

आता त्या बाकावर तिची ठरलेली जागा आहे, भिंतीकडची. ती पेपरही वाचते म्हणे, निदान धरते. किती सूट मिळते विचारलं तर म्हणते, "मिळते थोडीफार." थंडोबालाही तेवढंच सांगते. नवीन येणाऱ्या कोणी मोठ्याने घासाघीस केली की ती पान उलटते. पण हातात सुतळी घेऊन कोणी काउंटरशी आलं, की तिला नेमकी तहान लागते आणि ती पाण्याच्या पिंपाकडे उठून जाते. ते माणूस जाईपर्यंत पाणी पीत राहते.

झाली "ती" ची गोष्ट. आता पुन्हा तू.

माझ्या खिडकीच्या चौकटीवर तुझ्या खडूचे आकडे अजून तसेच आहेत. भिंत पुसणाऱ्या बाईला मी तिथे हात लावू देत नाही. दुपारी ऊन डोळ्यांवर येतं, मी खुर्ची सरकवते, ऊन सरकतं, मी पुन्हा सरकवते. या वयात मीच भिंगरी झाले आहे. दोनदा मी चपला घालून तुझी वाट पाहत बसले. दोन्ही वेळा तुझा फोन आला, "वन्सं, आज नको, आज तिथे गर्दी असेल." एकदा तू म्हणालीस, मीच चांगलं बघून कापड आणते, तुम्ही कशाला दगदग करता. मी नको म्हटलं. तुला मला तिथे का न्यायचं नाही, ते मला कळतं. काउंटरपाशी मी उभी राहिले आणि शेजारचं कोणी अर्धाच पडदा मागायला लागलं, तर माझ्या तोंडाला कोण आवरणार? तू तर आवरणार नाहीस. तू पाणी प्यायला जाशील.

तरी कापड मी तिथेच येऊन, ताके उघडून, हात लावूनच निवडणार. तसं ठरलं होतं. खिडकी अजून बोडकी आहे.